घटक ३ : कृमिशंख – रूप, नाते आणि नाव

३.१ उद्दिष्टे

या घटकाचा अभ्यास केल्यानंतर आपणांस :
१. कृमिशंखाची शरीररचना व जीवनपद्धती स्वतःच्या शब्दांत स्पष्ट करता येईल.
२. बाह्य साम्य आणि वंशसंबंध यांतील भेद सांगता येईल.
३. सागरी उदरपाद प्राण्यांमधील कृमिशंखांचे स्थान व त्या वर्गीकरणाचा इतिहास विशद करता येईल.
४. नामकरण आणि ज्ञान यांच्या परस्परसंबंधाचे विवेचन करता येईल.

३.२ प्रास्ताविक

विद्यार्थिमित्रहो, मराठीतील ‘काम’ हा शब्द आपण दोन अर्थांनी वापरतो. ‘आज पुष्कळ काम आहे’ या वाक्यातील ‘काम’ संस्कृत ‘कर्मन्’पासून प्राकृत ‘कम्म’ या रूपातून आलेला आहे. ‘काम, क्रोध, लोभ’ यांतील ‘काम’ मात्र इच्छा या अर्थाचा तत्सम शब्द आहे. उच्चार एक, लेखन एक; पण कुळे दोन. याउलट ‘क्षेत्र’ आणि ‘शेत’ हे शब्द कानाला वेगळे वाटतात, तरी त्यांचे मूळ एकच आहे. यावरून व्युत्पत्तिविचारातील पहिला धडा मिळतो : रूपाचे साम्य हा नात्याचा पुरावा नव्हे, आणि रूपाचा भेद हा परकेपणाचा पुरावा नव्हे.

हाच धडा प्राणिशास्त्रालाही शिकावा लागला, आणि तो शिकण्यास दीर्घ काळ लागला. सागरी गोगलगाईंचा एक गट असा आहे की, त्याचे कवच पाहणाऱ्याला तो गोगलगाईचा वाटतच नाही. एखाद्या कृमीने बांधलेली वेडीवाकडी नळी वाटते. या प्राण्यांना प्रस्तुत घटकात ‘कृमिशंख’ असे म्हटले आहे. शास्त्रीय विषयावरील मराठी गद्य कसे वाचावे, त्यातील संज्ञा कशा तपासाव्यात आणि वर्गीकरणामागील युक्तिवाद कसा ओळखावा, याचा अभ्यास आपण या उदाहरणाच्या आधारे करणार आहोत.

३.३ विषय-विवेचन

३.३.१ कृमिशंख म्हणजे काय?

ज्यांचे शरीर मऊ असते आणि बहुधा चुनखडीच्या कवचाने झाकलेले असते, अशा प्राण्यांच्या संघाला मृदुकाय संघ म्हणतात. कालवे, तिसऱ्या, शंख, कवड्या आणि गोगलगाई हे सर्व या संघात येतात. या संघातील उदरपाद वर्गात गोगलगाई, शंख व कवड्या यांचा समावेश होतो. पोटाच्या बाजूस असलेल्या रुंद, स्नायुमय पायाने सरपटणे हे या वर्गाचे ठळक वैशिष्ट्य असून त्यावरूनच ‘उदरपाद’ ही संज्ञा रूढ झाली.

कृमिशंख याच वर्गात मोडतो. परंतु प्रौढपणी तो सरपटत नाही. त्याचा डिंभ, म्हणजे बाल्यावस्थेतील जीव, इतर गोगलगाईंप्रमाणेच लहानसे, नीट वेटोळे असलेले कवच घेऊन जन्मतो. योग्य जागा सापडली की तो खडकाला, प्रवाळाला किंवा दुसऱ्या एखाद्या कवचाला कायमचा चिकटतो. त्यानंतर वाढणारे कवच नियमित वेटोळ्यांची शिस्त सोडून देते. जागा मिळेल तसे ते वळते, सरळ होते, पुन्हा वर उचलले जाते. परिणामी चुनखडीची अनियमित नळी तयार होते.

असे का घडते? घट्ट वेटोळ्याचा मुख्य लाभ म्हणजे लांब शरीर थोड्या जागेत मावते आणि घर पाठीवर वाहून नेता येते. ज्याला कोठे जायचेच नाही, त्याला या लाभाचे फारसे मोल उरत नाही. त्याला हवे असते ते वाढत्या शेजाऱ्यांच्या वर, वाहत्या पाण्यात तोंड राखणे. त्यासाठी सुटी नळी अधिक सोयीची ठरते.

३.३.२ स्थिर प्राण्याचा निर्वाह

एका जागी खिळलेल्या प्राण्यापुढे दोन प्रश्न उभे राहतात : अन्न कसे मिळवावे आणि प्रजोत्पादन कसे करावे?

कृमिशंखाचा पाय आखूड झालेला असतो, परंतु तो निरुपयोगी नसतो. पायातील ग्रंथी श्लेष्मा, म्हणजे चिकट द्रव, स्रवते. पायाजवळच्या दोन स्पर्शकांच्या साहाय्याने हा द्रव पाण्यात पसरला जातो व त्याचे जाळे तयार होते. पाण्यासोबत तरंगणारे सूक्ष्म जीव आणि सेंद्रिय कण त्यात अडकतात. काही वेळाने प्राणी ते जाळे ओढून घेतो आणि सावजासह गिळून टाकतो. या कामी त्याला रेत्रिका, म्हणजे तोंडातील दातेरी पट्टी, उपयोगी पडते. खडकावरील शेवाळ खरवडण्यासाठी अनेक गोगलगाई जे साधन वापरतात, तेच येथे जाळे ओढण्यास वापरले जाते. काही जातींत शेजारच्या प्राण्यांची जाळी एकमेकांत मिसळून मोठे सामाईक जाळे तयार होते. कल्ल्यांवाटे पाणी गाळूनही अन्न मिळवले जाते.

प्रजोत्पादनातही हीच युक्ती आढळते. नर आपले शुक्राणू लहान पुटकांत बंद करून पाण्यात सोडतो. ती पुटके वाहत जातात आणि मादीच्या जाळ्यात अडकतात. मादी अंडी नळीच्या आत, सुरक्षित पिशव्यांमध्ये सांभाळते. अशा रीतीने नर व मादी एकमेकांना कधीही न भेटता वंश पुढे चालू राहतो.

स्वयं-अध्ययन प्रश्न – १
(अ) प्रौढ कृमिशंखाच्या पायाचे प्रमुख कार्य कोणते?
(आ) नियमित वेटोळे कवच कृमिशंखाला आवश्यक का राहत नाही?

३.३.३ नळी कोणाची?

समुद्रात चुनखडीच्या नळ्या बांधणारा आणखी एक मोठा गट आहे. तो वलयी कृमींचा, म्हणजे गांडुळाच्या दूरच्या नातलगांचा आहे. किनाऱ्यावर सापडणाऱ्या रिकाम्या शिंपल्यांवर किंवा बोटींच्या तळाला चिकटलेल्या पांढऱ्या, नागमोडी नळ्या अनेकदा याच कृमींच्या असतात. त्या कृमीची नळी आणि कृमिशंखाची नळी शेजारी शेजारी ठेवल्यास अनभ्यस्त डोळ्यांना भेद दिसत नाही.

स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ कार्ल लिनियस यांनाही हा भेद करता आला नाही. आधुनिक प्राणिनामकरणाचा आरंभ ज्या ग्रंथापासून मानला जातो, त्या ‘सिस्टेमा नॅचुरी’च्या १७५८ मधील दहाव्या आवृत्तीत त्यांनी नळीसारख्या कवचांना ‘सर्प्युला’ या एकाच वंशात ठेवले. त्या वंशातील चार जातींचे आजचे स्थान पाहण्यासारखे आहे. ‘सर्प्युला स्पायरॉर्बिस’ हा खरोखर वलयी कृमी ठरला. ‘सर्प्युला अ‍ॅरेनारिया’ हा कृमिशंख ठरला. आज त्याचे नाव ‘थायलॅकोडिस अ‍ॅरेनारियस’ असे आहे. ‘सर्प्युला अँग्विना’ हाही उदरपादच, परंतु निराळ्या कुलातील. ‘सर्प्युला सेमिनुलम’ तर एकपेशीय जीवाचे सूक्ष्म कवच निघाले. गांडुळाचा नातलग, दोन गोगलगाई आणि एक एकपेशीय जीव अशी ही चौकडी केवळ घराच्या आकारामुळे एका नावाखाली एकत्र आली होती.

यात लिनियस यांचा निष्काळजीपणा शोधणे अन्यायाचे होईल. त्यांच्या काळी युरोपातील संग्रहांत कवचे येत, ती बहुधा रिकामी. घर समोर असे, रहिवासी नसे. रहिवासी पाहण्याची संधी मिळाली ती फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ मिशेल अ‍ॅदांसाँ यांना. १७४९ मध्ये ते पश्चिम आफ्रिकेतील सेनेगलला गेले आणि काही वर्षे तेथे राहिले. किनाऱ्यावर त्यांनी या नळ्यांतील जिवंत प्राणी पाहिला. कवचाबरोबर त्यातील प्राण्याचाही विचार वर्गीकरणात झाला पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता. १७५७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या सेनेगलविषयक ग्रंथात त्यांनी या प्राण्याला ‘व्हर्मे’ असे नाव देऊन त्याचे वर्णन केले.

येथे इतिहासाने एक विलक्षण वळण घेतले. प्राणिनामकरणाच्या आंतरराष्ट्रीय नियमांनुसार १७५८ पूर्वीची नावे ग्राह्य धरली जात नाहीत. अ‍ॅदांसाँ यांचा ग्रंथ एका वर्षाने आधीचा. त्यामुळे प्राणी ज्यांनी ओळखला त्यांचे नाव नियमात बसले नाही. पुढे १८०० मध्ये फ्रांस्वा मारी दोदँ यांनी ‘व्हर्मेटस’ हे वंशनाम प्रसिद्ध केले, आणि तेच आज मान्य आहे. त्यावरून ‘व्हर्मेटिडी’ हे कुलनाम रूढ झाले. त्याचे श्रेय राफिनेस्क यांच्या १८१५ मधील लेखनास दिले जाते. लॅटिन ‘व्हर्मिस’ म्हणजे कृमी. म्हणजे प्राणी कृमी नाही हे समजल्यावरही नावात कृमी राहिलाच.

३.३.४ नळी ओळखण्याच्या खुणा

रिकामी नळी हाती आली तरी ती कोणाची हे ठरवण्यास काही खुणा साहाय्यभूत होतात.

१. कृमिशंखाच्या नळीला सामान्यतः तीन थर असतात आणि तिचा आतील पृष्ठभाग गुळगुळीत व चकचकीत असतो. वलयी कृमीच्या नळीला बहुधा दोन थर असून आतील पृष्ठभाग निस्तेज असतो.
२. कृमिशंखाच्या नळीच्या आरंभी डिंभावस्थेतील वेटोळे कवच असते. यास आपण आदिकवच म्हणू. कृमीच्या नळीला ते नसते.
३. कृमिशंख वाढत जाताना नळीचा मागील रिकामा भाग काही वेळा आडव्या पडद्यांनी बंद करतो.

यांतील दुसरी खूण सर्वांत बोलकी आहे. प्रौढ नळी परिस्थितीनुसार कशीही वळते. परंतु आदिकवच बाह्य परिस्थितीच्या दडपणाखाली तितके बदलत नाही. म्हणून वंशाची साक्ष प्रौढ रूपापेक्षा आरंभीच्या रूपात अधिक सुरक्षित राहते. भाषेच्या अभ्यासकाला हे ओळखीचे वाटेल. आपणही शब्दाचे आजचे रूप बाजूला ठेवून त्याच्या जुन्या रूपाचा शोध घेतो.

३.३.५ एक रूप, तीन वंश

नळी गोगलगाईची आहे एवढे ठरल्याने प्रश्न सुटला नाही. नळीसारखे कवच असणारे उदरपाद तरी सर्व एका कुळातील आहेत काय? दीर्घकाळ तसे मानले जाई. आज ‘कृमिशंख’ या सर्वसामान्य नावाखाली येणारे प्राणी तीन कुलांत विभागले जातात.

(अ) व्हर्मेटिडी : हे खरे कृमिशंख. ते कठीण पृष्ठभागाला चिकटतात व श्लेष्म्याचे जाळे टाकतात.

(आ) सिलिक्वारिडी : यांच्या नळीवर लांबीच्या दिशेने एक चीर किंवा छिद्रांची रांग असते. हे प्राणी स्पंज या सागरी जीवांच्या शरीरात रुतून राहतात आणि कल्ल्यांच्या साहाय्याने पाणी गाळून अन्न मिळवतात. लिनियस यांची ‘सर्प्युला अँग्विना’ याच कुलातील. तिचे आजचे नाव ‘टेनॅगोडस अँग्विनस’.

(इ) टरिटेलिडी : टरिटेला या उंच, मळसूत्री आणि नियमित शंखांचे हे कुल आहे. त्यातील ‘व्हर्मिक्युलारिया’ हा वंश बालपणी हुबेहूब टरिटेलासारखा दिसतो. पुढे मात्र त्याचे वेटोळे सुटते आणि तो कृमिशंखासारखा होतो. बालरूप पाहिले नाही, तर फसगत ठरलेली.

अंतर्गत शरीररचना आणि अलीकडच्या काळात आनुवंशिक द्रव्याची तुलना यांवरून असे दिसते की, सिलिक्वारिडी व टरिटेलिडी ही कुले ‘सेरिथिऑइडिया’ या अधिकुलात येतात, तर व्हर्मेटिडी ‘लिटोरिनिमॉर्फा’ या वेगळ्या गणात मोडते. म्हणजेच वेटोळे सोडण्याची घटना एकदाच घडलेली नाही. वेगवेगळ्या वंशांत ती स्वतंत्रपणे घडली आहे. सारख्या जीवनपद्धतीमुळे भिन्न वंशांतील प्राण्यांना सारखे रूप येणे, या प्रक्रियेस अभिसारी उत्क्रांती म्हणतात.

खऱ्या कृमिशंखांचे वर्गीकरणातील स्थान पुढीलप्रमाणे मांडता येईल :

संघ – मृदुकाय
वर्ग – उदरपाद
उपवर्ग – सीनोगॅस्ट्रोपोडा
गण – लिटोरिनिमॉर्फा
अधिकुल – व्हर्मेटॉइडिया
कुल – व्हर्मेटिडी

कुलाच्या आतील मांडणीही सहज झालेली नाही. डेन्मार्कचे ओट्टो मोर्च यांनी १८६१-६२ मध्ये या कुलाचा विस्तृत आढावा घेतला. अमेरिकेतील स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या मायरा कीन यांनी १९६१ मध्ये कुलाच्या फेरमांडणीचा प्रस्ताव मांडला. पुढे २०११ मध्ये रूडिगर बीलर व रिचर्ड पेटिट यांनी वरील तिन्ही कुलांतील, जिवंत तसेच जीवाश्मरूप, कृमिशंखांच्या आजवर दिल्या गेलेल्या नावांची सूची प्रसिद्ध केली. ज्या गटात रूप इतके फसवे असते, तेथे नावांचा हिशेब ठेवणे हेच एक स्वतंत्र शास्त्रीय कार्य ठरते.

स्वयं-अध्ययन प्रश्न – २
(अ) ‘व्हर्मिक्युलारिया’ कोणत्या कुलात मोडतो आणि ते कशावरून ओळखता येते?
(आ) अभिसारी उत्क्रांती म्हणजे काय?

३.३.६ नाव चुकले तर काय बिघडते?

‘नावात काय आहे?’ असा प्रश्न आपल्याकडे सहज विचारला जातो. कृमिशंखांच्या बाबतीत त्याचे उत्तर भूमध्य समुद्राच्या किनाऱ्यावर मिळते.

तेथे डेंड्रोपोमा या वंशातील कृमिशंख दाटीने वाढून समुद्रसपाटीच्या आसपास खडकाची रुंद कड तयार करतात. ही कड लाटांचा मारा सोसते आणि असंख्य लहान जीवांना आसरा देते. हे प्राणी समुद्रसपाटीच्या अगदी जवळ वाढत असल्यामुळे त्यांच्या जुन्या नळ्यांचा काळ किरणोत्सर्गी कार्बनच्या साहाय्याने ठरवून, पूर्वी समुद्राची पातळी कोठे होती याचाही अंदाज बांधला जातो.

दीर्घकाळ भूमध्य समुद्रातील या सर्व प्राण्यांना ‘डेंड्रोपोमा पेट्रियम’ या एकाच नावाने ओळखले जाई. स्पेनपासून इस्राएलपर्यंत पसरलेली एक जाती, अशी समजूत होती. आनुवंशिक द्रव्याच्या अभ्यासातून मात्र या एका नावाआड किमान चार जाती असल्याचे दिसून आले. त्यांपैकी पूर्व भूमध्य किनाऱ्यावरील जाती आज ‘डेंड्रोपोमा अँग्युलिफेरम’ या नावाने ओळखली जाते. दरम्यान, इस्राएलच्या किनाऱ्यावर या कडा बांधणारे जिवंत प्राणी जवळजवळ नाहीसे झाल्याची नोंद संशोधकांनी केली होती.

या दोन गोष्टी एकत्र ठेवून पाहाव्यात. सर्वत्र एकच जाती असती, तर एका किनाऱ्यावरील ऱ्हास हे स्थानिक नुकसान ठरले असते. इतरत्र ती जाती सुरक्षित आहे, असे समाधान मानता आले असते. परंतु तेथील जाती वेगळी असेल, तर ते मर्यादित प्रदेशात राहणाऱ्या एका संपूर्ण वंशशाखेवरील संकट ठरते. निसर्गात घडलेली घटना तीच आहे; वर्गीकरण बदलताच तिचे गांभीर्य बदलले. स्वतंत्र भाषा एखाद्या मोठ्या भाषेची बोली म्हणून नोंदवली गेली की तिचा अंत जनगणनेच्या कोष्टकात कोठेही दिसत नाही, हे भाषेच्या अभ्यासकास निराळे सांगावयास नको.

दुसरे उदाहरण अमेरिकेतील फ्लोरिडाचे आहे. तेथील की वेस्टजवळ २००९ मध्ये एक जुने जहाज कृत्रिम भित्तीसाठी मुद्दाम बुडवण्यात आले. त्यावर वाढलेले मोठे कृमिशंख कोणत्याही ज्ञात जातीत बसेनात. २०१७ मध्ये त्यांचे ‘थायलॅकोडिस व्हँडिएन्सिस’ असे नामकरण झाले. पाणबुड्यांनी त्या जहाजाला दिलेल्या ‘व्हँडी’ या लाडक्या नावावरून ते घेतले आहे. मात्र या जातीचे निकटचे नातलग प्रशांत महासागराकडील असल्याने ती फ्लोरिडात बाहेरून आली असावी, असे संशोधकांचे अनुमान आहे. नाव तिचा पत्ता सांगते. मूळ गाव सांगत नाही. परक्या कृमिशंखाची वेळीच ओळख पटणे महत्त्वाचे असते, कारण या प्राण्यांची जाळी प्रवाळांना अपायकारक ठरू शकतात. प्रशांत महासागरातील मूरेआ बेटावर केलेल्या व २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात एका मोठ्या कृमिशंखाच्या सान्निध्यात प्रवाळांची वाढ व तग धरण्याचे प्रमाण घटल्याचे आढळले.

३.३.७ ‘कृमिशंख’ या संज्ञेविषयी

शेवटी आपल्या संज्ञेकडे वळू. ‘कृमिशंख’ या समासाचा विग्रह ‘कृमीसारखा शंख’ असा होतो. येथे ‘शंख’ हे पद प्रधान असून ‘कृमी’ हे पद केवळ साम्य दर्शवते. प्रधान पद वर्ग सांगते आणि गौण पद रूप सांगते. म्हणून ही संज्ञा प्राण्याच्या खऱ्या नात्याशी सुसंगत आहे. ‘शंखकृमी’ अशी उलट रचना केली असती, तर तो कृमींचा एक प्रकार आहे असा अर्थ झाला असता आणि १७५८ मधील गोंधळ मराठीत पुन्हा अवतरला असता. या कसोटीवर ‘देवमासा’ हा शब्द पाहा. त्यातील प्रधान पद ‘मासा’ आहे. प्राणी मात्र सस्तन आहे. लोकव्यवहारातील अशी नावे बदलण्याचे कारण नाही, कारण ती रूप व निवास पाहून पडलेली असतात. परंतु नवी संज्ञा घडवणाऱ्याने पदांचा क्रम विचारपूर्वक ठरवला पाहिजे.

३.४ सारांश

कृमिशंख हा कृमी नसून सागरी उदरपाद प्राणी आहे. स्थिर जीवनामुळे त्याच्या कवचाचे नियमित वेटोळे सुटून अनियमित नळी बनते. श्लेष्म्याचे जाळे टाकून तो अन्न मिळवतो. केवळ नळीचे रूप पाहणाऱ्या अठराव्या शतकातील वर्गीकरणाने त्याला कृमींसोबत ठेवले. जिवंत प्राणी पाहिल्यावर त्याची खरी ओळख पटली. कृमिशंखासारखे रूप तीन कुलांत आढळते. त्यांपैकी व्हर्मेटिडी कुलातील प्राणी हे खरे कृमिशंख होत. रूप हे नात्याचे पुरेसे प्रमाण नाही. त्यासाठी आदिकवच, अंतर्गत रचना आणि आनुवंशिक द्रव्य यांची साक्ष घ्यावी लागते. वर्गीकरण चुकले, तर काय नष्ट होत आहे हेच कळेनासे होते.

३.५ पारिभाषिक शब्द

उदरपाद – पोटाच्या बाजूस पाय असलेल्या मृदुकाय प्राण्यांचा वर्ग.
डिंभ – अंड्यातून बाहेर आलेला, प्रौढाहून वेगळा दिसणारा जीव.
श्लेष्मा – शरीरातून स्रवणारा चिकट द्रव.
रेत्रिका – तोंडातील दातेरी पट्टी.
आदिकवच – डिंभावस्थेत तयार झालेले आरंभीचे कवच.
अभिसारी उत्क्रांती – भिन्न वंशांत स्वतंत्रपणे सारखे रूप निर्माण होणे.

३.६ स्वयं-अध्ययन प्रश्नांची उत्तरे

प्रश्न १ : (अ) श्लेष्मा स्रवून जाळे तयार करणे. (आ) तो एका जागी चिकटून राहत असल्यामुळे त्याला कवच वाहून न्यावे लागत नाही. पाण्याच्या प्रवाहात तोंड राखण्यास सुटी नळी सोयीची ठरते.
प्रश्न २ : (अ) टरिटेलिडी कुलात, बालपणीच्या नियमित, मळसूत्री कवचावरून. (आ) पाहा ३.५.

३.७ स्वाध्याय

१. ‘रूपाचे साम्य हा नात्याचा पुरावा नव्हे’ हे विधान कृमिशंख आणि मराठी शब्द या दोहोंच्या आधारे स्पष्ट करा.
२. लिनियस आणि अ‍ॅदांसाँ यांच्या अभ्यासपद्धतींतील भेद सांगून त्याचे परिणाम लिहा.
३. टीप लिहा : भूमध्य समुद्रातील डेंड्रोपोमा.

उपक्रम : आपल्या परिसरातील प्राणी व वनस्पती यांची दहा सामासिक नावे गोळा करा. प्रत्येक नावाचा विग्रह करून त्यातील प्रधान पद शास्त्रीय वर्गीकरणाशी जुळते की नाही, ते तपासा. नाव सांगणाऱ्या व्यक्तीला ते नाव कशावरून पडले असे वाटते, याचीही नोंद करा.